ईदची नानकटाई : बावड्याच्या भट्टीवर

आमच्या घरी ईदची न्याहारी ईदच्या दिवशी बनत नाही. दोन दिवस आधीच ती बावड्याच्या भट्टीवर भाजून डब्यात भरलेली असते. ईदच्या सकाळी शीरखुर्म्यासाठी दूध उकळायचं, आधी भाजून ठेवलेल्या शेवया आणि तळलेला सुकामेवा त्यात सोडायचा आणि नानकटाईचा डबा उघडायचा, एवढंच काम शिल्लक राहतं. माझ्या सासूबाईंचा, म्हणजे अम्मींचा, हा जुना नियम आहे. त्या म्हणतात, "महिनाभर चुलीपाशी राबलेल्या बाईला ईदच्या सकाळी तरी फजरची नमाज निवांत पढता आली पाहिजे."

बावडा हे इंदापूर तालुक्यातलं बाजारपेठेचं गाव. पुणे जिल्ह्याचं हे अगदी टोक. पुढे सराटीला नीरा नदी ओलांडली की सोलापूर जिल्हा आणि अकलूज लागतं. तुकोबांची पालखी आषाढात इंदापूरहून सराटीला जाते ती याच गावातून. चारी बाजूंनी ऊस, आणि जवळच रेड्याला साखर कारखाना. लग्न होऊन मी २००६ साली या गावात आले. आता मुलांच्या शिक्षणासाठी आम्ही पुण्याला हडपसरमध्ये राहतो, पण ईदला बावड्यालाच जातो.

२०२५ च्या रमजानमध्ये मी एकटी गेले नाही, सोबत काकू होत्या. काकू म्हणजे आमच्या बावड्याच्या घराच्या शेजारच्या. त्यांच्या आणि आमच्या अंगणामध्ये फक्त कमरेएवढी भिंत आहे. गुडघ्यांनी दगा दिल्यावर तीन वर्षांपूर्वी त्यांचा मुलगा त्यांना पुण्याला घेऊन आला. तेव्हापासून त्यांच्या घराला कुलूपच असतं. मार्चच्या मध्यावर त्यांचा फोन आला.

"तुमची भट्टी कधी आहे गं?"

मी म्हटलं, "काकू, अम्मी शनिवारी म्हणतायत. २९ तारखेला."

"मग आपण शुक्रवारी निघू. रविवारी पाडवा आहे, मला गुढी उभारायला जायचंच आहे. म्हटलं दोन दिवस आधी जावं."

दोन दिवस आधी का, ते त्या बोलल्या नाहीत आणि मीही विचारलं नाही. आम्हा दोघींनाही ते माहीत होतं.

हे समजण्यासाठी २००६ सालची गोष्ट सांगावी लागेल. त्या वर्षी लक्ष्मीपूजन २१ ऑक्टोबरला होतं आणि ईद २५ ऑक्टोबरला. भाऊबीज आटोपते न आटोपते तोच ईद. गावाच्या भट्टीवर तेव्हा पाय ठेवायला जागा नव्हती. दिवाळीच्या नानकटाईचे पत्रे उतरत होते आणि ईदचे चढायची वाट बघत होते. सासरची माझी ती पहिलीच ईद. पीठ मळायचं काम मी हौसेने मागून घेतलं. चार किलोचं प्रमाण होतं. गडबडीत खायचा सोडा मी दोनदा घातला. एकदा मैद्यात चाळून घातला आणि एकदा तुपात फेसताना. रोजा असल्याने पीठ कुणी चाखलं नाही. भट्टीतून नानकटाई आली ती सुंदर फुललेली आणि छान तडकलेली होती. थोडी जास्त लालसर दिसत होती, पण तिकडे कुणाचं लक्ष गेलं नाही. डबे भरून ठेवले.

ईदच्या सकाळी ईदगाहवरून पुरुष आले, पाठोपाठ पाहुणे आले. पहिल्या पाहुण्याने नानकटाई तोंडात घातली आणि उरलेला तुकडा हळूच बशीत ठेवला. दुसऱ्यानेही तसंच केलं. मी आत जाऊन खाऊन बघितली. साबण खाल्ल्यासारखी कडवट चव! मी स्वयंपाकघरात रडत बसले. तेवढ्यात भिंतीपलीकडून काकूंनी विचारलं, "भाभी, काय झालं?" अम्मींनी सांगितलं. काकू आत गेल्या आणि त्यांच्या दिवाळीच्या नानकटाईचा अख्खा डबा भिंतीवरून आमच्याकडे दिला. त्या वर्षी आमच्या ईदच्या पाहुण्यांनी शीरखुर्म्याबरोबर दिवाळीची नानकटाई खाल्ली. कुणाला कळलंही नाही, कारण दोन्ही घरांची नानकटाई एकाच भट्टीतली.

संध्याकाळी काकू मला म्हणाल्या, "तुमचा रोजा असतो, तुम्हाला चाखता येत नाही. मग मला हाक मारायची. मला कुठे रोजा आहे?"

खरं तर शरीयतने इथे सोय ठेवली आहे. गरजच असेल तर पदार्थ जिभेच्या टोकावर घेऊन थुंकून टाकता येतो. काही घशाखाली गेलं नाही तर रोजा तुटत नाही. मात्र विनाकारण तसं करणं मकरूह आहे. अम्मींना तेवढीही जोखीम नको असते. त्यामुळे पुढच्या वर्षापासून पद्धतच पडली. पीठ मळून झालं की अम्मी भिंतीशी जाऊन हाक मारतात, "वहिनी, जरा चखके देखो." काकू चिमूटभर पीठ तोंडात टाकतात, डोळे मिटतात आणि निकाल देतात. "मीठ घाला." "वेलची झाली पुरे." "साखर राहू द्या, भाजल्यावर गोड लागेल."

काकू पुण्याला गेल्यावर हे काम माझ्या धाकट्याकडे आलं. त्याचं तेव्हा रोजे धरायचं वय नव्हतं. पण त्याला सगळंच छान लागायचं. २०२४ च्या ईदला त्याने "एकदम मस्त" म्हणून पसंती दिलेल्या पिठात मीठ घालायचंच राहिलं होतं. नानकटाई वाईट झाली नाही, पण नुसती गोडमिट्ट झाली. ही गोष्ट मी सहज बोलता बोलता काकूंना सांगितली होती. त्यांनी ती लक्षात ठेवली.

शुक्रवारी सकाळी हडपसरहून आम्ही अकलूजची एस.टी. धरली. सत्ताविसावा रोजा होता आणि रमजानचा शेवटचा जुमा. सफरीत रोजा न धरण्याची सवलत आहे, पण बसून जायचा प्रवास, म्हणून मी रोजा ठेवला होता. उरुळी कांचन, यवत, पाटस मागे पडलं. काकूंनी पिशवीतून पाण्याची बाटली काढली, माझ्याकडे बघितलं आणि परत ठेवली. मी म्हटलं, "काकू, प्या की. तुम्ही औषधं घेता." त्या म्हणाल्या, "पिते गं. भिगवण आलं की पिते." भिगवणला उजनीचं पाणी दिसायला लागलं तेव्हा खिडकीकडे तोंड करून त्यांनी दोन घोट घेतले. हिवाळ्यात इथे रोहित पक्षी येतात, ते बघायला पुण्याहून गाड्या येतात. काकूंना त्या पाण्यात वेगळंच दिसतं. धरणात गेलेली गावं त्यांच्या माहेरच्या नात्यातली. पळसदेव येईपर्यंत त्या कोण कुठे राहायचं ते सांगत होत्या.

इंदापूरला बस अकलूजच्या रस्त्याला वळली. पालखी मार्गाचं काम झाल्यापासून हा रस्ता ओळखू येत नाही इतका रुंद झाला आहे. वडापुरी, सुरवड आणि मग बावडा. अम्मी दारातच उभ्या होत्या. दोघी एकमेकींना बघून काही बोलल्या नाहीत. अम्मींनी फक्त काकूंच्या घराची किल्ली पुढे केली आणि म्हणाल्या, "झाडून ठेवलंय, वहिनी."

शनिवारी सकाळी सहेरीनंतर अम्मी झोपल्या नाहीत. नानकटाईचं पीठ उन्हाच्या आधी मळावं लागतं. मार्चअखेरीच्या इंदापुरी उन्हात तूप पातळ होतं आणि पातळ तुपाची नानकटाई पत्र्यावर पसरते. मोठ्या परातीत घट्ट तूप घेऊन तळहाताने फेसायचं. ते पांढरं आणि हलकं झालं की पिठीसाखर थोडी थोडी घालत पुन्हा फेसायचं. या पिठात पाण्याचा थेंबही पडत नाही. म्हणूनच नानकटाई टिकते आणि म्हणूनच ती आधी करून ठेवता येते. पोळीचं पीठ पाण्याने चिवट होतं. इथे मैद्याच्या कणाकणाला तूप लागलेलं असतं, त्यामुळे पीठ चिवट होत नाही आणि तोंडात टाकल्यावर नानकटाई विरघळते. मैदा घातला की फार मळायचं नाही, गोळा होईल इतकंच एकत्र करायचं.

नऊच्या सुमारास अम्मी भिंतीशी गेल्या. तीन वर्षांत पहिल्यांदाच ती हाक ऐकू आली. काकू काठी टेकत आल्या. त्यांना आता साखरेचा आजार आहे. पुण्याहून मुलाने फोनवर बजावलं होतं, गोड खायचं नाही. काकू मला म्हणाल्या, "चव बघणं म्हणजे खाणं नव्हे. तुमच्यातही तसंच आहे ना?" चिमूटभर पीठ जिभेवर ठेवलं, डोळे मिटले.

"भाभी, जायफळ जुनं आहे. वास उडालाय. माझ्याकडेही नसेल आता. त्यापेक्षा वेलची वाढवा. मीठ बरोबर."

अम्मींनी वेलची कुटून घातली. काकूंनी पुन्हा बघितलं आणि मान हलवली. मग चूळ भरून त्या पायरीवर बसल्या आणि गोळे वळू लागल्या. प्रत्येक घराची एक खूण असते. आमच्या नानकटाईवर चारोळी, मागच्या गल्लीतल्या खालांच्या घरच्या नानकटाईवर बदामाचा काप, कुणी काट्याने रेघा ओढतं. भट्टीवर पन्नास पत्रे एकत्र आले तरी त्यावरून कुणाचं काय ते कळतं.

दुपारी पत्रे डोक्यावर घेऊन मुलं भट्टीवर गेली, मीही मागे गेले. आमची भट्टी जुन्या पद्धतीची आहे, विटांची आणि आतून घुमटासारखी. आत लाकडं पेटवतात, विटा तापल्या की निखारे बाजूला ओढतात आणि भट्टी पुसून घेतात. मग विटांमध्ये साठलेल्या उष्णतेवर सगळं भाजलं जातं. आच सगळ्यात जास्त असते तेव्हा पाव जातात. आच उतरू लागली की नानकटाई आणि बिस्किटं. शेवटच्या मंद उबेत रात्रभर टोस्ट वाळतात. नानकटाई घाईने पावाबरोबर टाकली तर वरून करपते आणि मध्ये कच्ची राहते. म्हणून भट्टीवर थांबावं लागतं.

भट्टीवाले चाचा लांब दांड्याच्या लाकडी फावड्याने पत्रे आत सरकवत होते. तेही रोजाने. ईदच्या आधीचे चार दिवस आणि दिवाळीच्या आधीचे आठ दिवस, म्हणाले, भट्टी थंडच होत नाही. पूर्वी लोक मैदा, तूप, साखर सगळं घरून आणायचे आणि किलोमागे मजुरी द्यायचे. आता बरेच जण तयार डबाच घेऊन जातात. "डबा विकला की मला पैसे जास्त मिळतात," ते म्हणाले, "पण त्याची चव मी ठरवतो. तुमच्या पिठाची तुम्ही ठरवता." मुंबईत लाकडाच्या भट्ट्या बदलायचा आदेश उच्च न्यायालयाने २०२५ च्या जानेवारीत दिला, ते त्यांच्या कानावर होतं. धुराचा त्रास खरा आहे, हे तेही मान्य करतात. गॅसची भट्टी आली तरी नानकटाई होईलच, फक्त ती आच शिकावी लागेल, असं त्यांचं म्हणणं.

नानकटाई आपल्याकडे आली कुठून, हे मी एकदा शोधलं होतं. 'नान' म्हणजे फारसीत रोटी. 'खताई'चा संबंध खता या चीनच्या जुन्या नावाशी लावतात. सुरतेला डच व्यापाऱ्यांसाठी चालणारी भट्टी पुढे पारशी कारागिरांच्या हाती आली आणि तिथून नानकटाई सगळीकडे पसरली, असं सांगतात. शीरखुर्माही फारसीच, शीर म्हणजे दूध आणि खुर्मा म्हणजे खजूर. एवढ्या लांबून आलेले हे दोन पदार्थ बावड्याला एका बशीत येतात, साखर मात्र इथल्याच उसाची.

दुसऱ्या दिवशी रविवारी पाडवा होता आणि आमचा एकोणतिसावा रोजा. काकूंच्या कुलूपबंद घरावर तीन वर्षांनी गुढी उभी राहिली. काठी धरायला आमची मुलं गेली. दिवसभर तिकडून पुरणाचा वास येत होता. मगरीबच्या थोडं आधी काकूंनी झाकलेलं ताट भिंतीवर आणून ठेवलं आणि सांगितलं, "अजान झाल्यावर उघडा." पुरणपोळी होती आणि मुलांसाठी साखरेच्या गाठी.

इफ्तारनंतर सगळे गच्चीवर गेले. पश्चिमेला उसाच्या शेतांवर नखाएवढा चंद्र होता. खाली अंगणातून काकू विचारत होत्या, "दिसला का?" मला गंमत वाटली. पाडवा म्हणजे चैत्राचा पहिला दिवस, शनिवारच्या अमावास्येनंतरचा. आमची ईद त्याच चंद्राची, फक्त तो डोळ्यांनी दिसल्यावरची. चंद्राचं वर्ष सुमारे ३५४ दिवसांचं असतं. पंचांगात दर अडीच-तीन वर्षांनी अधिक महिना घालून ते ऋतूंशी जुळवून घेतात. हिजरी सालात तशी भर घालत नाहीत, म्हणून ईद दरवर्षी दहा-अकरा दिवस अलीकडे येते आणि साधारण ३३ वर्षांत सगळे ऋतू फिरून येते. २००६ ला ती दिवाळीला भेटली. २०२४ ला पाडवा ९ एप्रिलला आणि ईद ११ एप्रिलला होती, २०२५ ला तर पाडव्याच्या दुसऱ्याच दिवशी. २०२६ मध्ये अधिक ज्येष्ठ येतो, त्यानंतर दोन्ही सण पुन्हा लांब लांब जातील. पाडवा आणि ईद अशी पुन्हा शेजारी येतील तेव्हा आमची मुलं पन्नाशीच्या आसपास असतील.

ईदच्या सकाळी अम्मींनी फजर पढून निवांत कुरआन उघडलं. ईदुल फित्रच्या नमाजला जाण्याआधी प्रेषित (सल्ल.) विषम संख्येत खजूर खात असत, असं हजरत अनस (रजि.) यांनी सांगितलं आहे. त्याप्रमाणे मुलांनी तीन-तीन खजूर खाल्ले. फित्रा आदल्या रात्रीच दिला होता. पुरुष ईदगाहकडे गेले आणि मी दूध चढवलं. नानकटाईचा डबा उघडल्यावर अम्मींनी पहिली बशी भरली आणि मला म्हणाल्या, "पाहुण्यांच्या आधी वहिनींना देऊन ये."

काकूंनी एकच उचलली. अर्धी मोडून मला दिली आणि अर्धी स्वतः खाल्ली. महिन्यानंतर सकाळी तोंडात गेलेला माझा तो पहिला घास.

"वेलची बरोबर पडली," त्या म्हणाल्या.

वाचक भगिनींसाठी आमच्या घरचं एक किलो पिठाचं प्रमाण देते. मैदा ७०० ग्रॅम, बेसन १५० ग्रॅम, बारीक रवा १५० ग्रॅम, पिठीसाखर ६०० ग्रॅम, घट्ट साजूक किंवा वनस्पती तूप ६०० ग्रॅम, बेकिंग पावडर दोन छोटे चमचे, मीठ अर्धा छोटा चमचा, वेलची आणि ताजं जायफळ. पीठ, बेकिंग पावडर आणि मीठ दोनदा चाळून घ्या. सोडा किंवा बेकिंग पावडर एकाच ठिकाणी घाला आणि घातली की डबा लगेच उचलून ठेवा, हा माझा अनुभवाचा सल्ला. तूप-साखर फेसून त्यात पीठ मिसळा, अर्धा तास झाकून ठेवा आणि लिंबापेक्षा थोडे लहान गोळे वळून अंतर ठेवून मांडा. ऐंशी ते नव्वद नग होतात. घरच्या ओव्हनमध्ये १६० ते १७० अंशांवर अठरा ते बावीस मिनिटं पुरतात. गरम असताना नानकटाई मऊ लागते म्हणून जास्त भाजू नका, गार झाल्यावर ती कडक होते. पूर्ण गार करून घट्ट झाकणाच्या डब्यात भरली तर दोन-तीन आठवडे चांगली राहते.

आणि पीठ मळून झालं की रोजा नसलेल्या कुणाला तरी एकदा चव दाखवा. भिंतीपलीकडे कुणी असेल तर हाक मारा. दुसऱ्या दिवशी निघताना काकूंनी अम्मींना विचारून घेतलंच आहे, पुढच्या वर्षी भट्टी साधारण कधी असेल ते. अम्मी म्हणाल्या, "चांद सांगेल, वहिनी. इन्शाअल्लाह, मी फोन करते."